रेव्हिसचं बेट: ज्याच्याकडे कुणी चेंडूच फेकत नाही, त्याला मोजायचं कसं?

जर्सीकर

ऑगस्ट २०२३ मध्ये ओहायोतल्या कँटनमध्ये अमेरिकन फुटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे दिग्गजांच्या मानाच्या दालनात, एकाच तुकडीत तीन कॉर्नरबॅक (बचावफळीतले खेळाडू) दाखल झाले. केन रायली, रॉन्डे बार्बर आणि डॅरेल रेव्हिस. तिघांची कारकिर्दीतली इंटरसेप्शन, म्हणजे समोरच्याचा फेकलेला चेंडू मधल्या मध्ये पळवणं, अशी: रायली ६५, बार्बर ४७, रेव्हिस २९. यातला पहिल्याच मतदानात आत कोण गेला? २९वाला. बार्बर काही वर्षं रांगेत होता. रायली खेळायचा थांबला १९८३ मध्ये, आणि २०२० मध्ये वारला. त्याचा मान घ्यायला घरचे आले होते.

हे बरोबर झालं का, यावर मागे गटगला (आपल्या भेटीत) जोरदार वाद झाला होता, म्हणून धागाच काढतो. मी जेट्सवाला, म्हणजे रेव्हिसच्या न्यू यॉर्क जेट्स संघाचा चाहता, आहे हे आधीच सांगून टाकतो. (सहानुभूती नको, सवय झाली आहे.)

जे हा खेळ बघत नाहीत त्यांच्यासाठी थोडं. क्वार्टरबॅक चेंडू फेकतो, रिसीव्हर पळत जाऊन झेलतो. त्या रिसीव्हरला झेलू न देणं हे कॉर्नरचं काम. रिसीव्हरला आपण कुठे वळणार हे आधीपासून ठाऊक असतं, कॉर्नरला नसतं, त्यातून हा उलटा पळत असतो. पहिल्या पाच यार्डांत हाताने अडवलेलं चालतं, त्यापुढे अडवलं की फाउल. चेंडू हवेत असताना ढकललं तर पंच चेंडू नेऊन थेट त्या जागी ठेवतात, मग ती जागा चाळीस यार्ड पुढे का असेना. एका चुकीत सामना जाऊ शकतो.

म्हणून बहुतेक संघ कॉर्नरच्या मागे एक सेफ्टी ठेवतात, सावरायला. २००९ मध्ये रेक्स रायन जेट्सचा कोच झाला आणि त्याने रेव्हिसच्या मागचा माणूस काढून घेतला. समोरच्या संघाचा सगळ्यात भारी रिसीव्हर जाईल तिकडे रेव्हिसने जायचं, आणि मोकळा झालेला माणूस क्वार्टरबॅकच्या अंगावर सोडायचा. मैदानाच्या त्या तुकड्यात दोघंच. त्यालाच लोक रेव्हिस आयलंड म्हणायला लागले.

त्या मोसमातले हे आकडे मला पाठ आहेत. ह्यूस्टनचा आंद्रे जॉन्सन: ४ झेल, ३५ यार्ड. हा बाबा त्या वर्षी यार्डांत अख्ख्या लीगमध्ये पहिला होता. न्यू इंग्लंडचा रँडी मॉस, पहिल्या सामन्यात: ४ झेल, २४ यार्ड. बफलोचा टेरेल ओवेन्स: ३ झेल, १३ यार्ड. अटलांटाचा रॉडी व्हाइट: ४ झेल, ३३ यार्ड. कॅरोलायनाचा स्टीव्ह स्मिथ: १ झेल, ५ यार्ड. साखळीतल्या शेवटच्या सामन्यात सिनसिनाटीचा चॅड ओचोसिंको: भोपळा.

जुने व्हिडिओ मिळाले तर चेंडूकडे बघू नका, रेव्हिसचे पाय बघा. खेळी सुरू झाली की रिसीव्हर हुलकावणी देतो, आणि बाकीचे कॉर्नर पहिल्याच हुलकावणीला खांदा वळवून मोकळे होतात. हा गुडघ्यात वाकून तिथेच, बारीक बारीक पावलं टाकत, नजर रिसीव्हरच्या कमरेवर. डोकं फसवतं, खांदे फसवतात, डोळे तर फसवतातच. कंबर जिकडे वळेल तिकडेच माणूस जातो. मग एक हात अलगद त्याच्या बरगडीपाशी, आणि पळता पळता त्याला बाजूच्या रेषेकडे दाबत न्यायचं. रेषेपाशी मैदान संपतं. क्वार्टरबॅकने चेंडू टाकायचा कुठे? तो तिकडे बघणंच सोडून देतो.

आता पैशाची बाजू. २००७ मध्ये जेट्सने ड्राफ्टमध्ये (संघ पाळीपाळीने कॉलेजचे खेळाडू निवडतात तो) २५व्या क्रमांकावरून १४व्यावर उडी मारून याला घेतलं, तर पठ्ठ्याने करार मनासारखा होईपर्यंत सराव शिबिराला पाय ठेवला नाही. २०१० मध्ये पुन्हा तेच, ३६ दिवस घरी. त्या वर्षी एचबीओचे कॅमेरे शिबिरात ठाण मांडून होते, त्यामुळे ही भानगड अख्ख्या देशाने बघितली. शेवटी ४ वर्षांचे ४ कोटी ६० लाख डॉलर, त्यातले ३ कोटी २० लाख हमीचे. २०१२ च्या सप्टेंबरात मायामीत गुडघ्याचा लिगामेंट फाटला. २०१३ मध्ये टँपा: ६ वर्षं, ९ कोटी ६० लाख, हमी शून्य, आणि वर्षभरात नारळ. २०१४ मध्ये न्यू इंग्लंड (हो, तेच, आमचे वैरी), १ कोटी २० लाख आणि सुपर बोलची, म्हणजे लीगच्या अंतिम सामन्याच्या विजेत्याची, अंगठी. २०१५ मध्ये परत जेट्स: ५ वर्षं, ७ कोटी, ३ कोटी ९० लाख हमीचे. दोन मोसमांत पुन्हा नारळ. २०१७ च्या अखेरीस कॅन्सस सिटीत मोजके सामने, आणि २०१८ मध्ये निवृत्ती.

लोक त्याला लोभी म्हणतात. माझं म्हणणं वेगळं आहे. ज्याच्याकडे चेंडूच येत नाही, त्याच्या कामाची नोंद धावफलकावर होत नाही. त्याची किंमत लिहिलेली दिसते ती एकाच कागदावर, कराराच्या. इतर कॉर्नरना हे उशिरा कळलं, रेव्हिसला पहिल्या दिवसापासून कळत होतं. त्याने स्वतःची किंमत स्वतः ठरवली. बोला.

खडीसाखर

रुमाल टाकून ठेवते. रात्री सावकाश वाचेन.

सदाशिवपेठी

फुटबॉलमधलं मला ओ की ठो कळत नाही, तरी शेवटपर्यंत वाचलं. आमच्या बापू नाडकर्णींची आठवण झाली. जानेवारी १९६४, मद्रास, इंग्लंडविरुद्ध. ३२ षटकं, २७ निर्धाव, ५ धावा, ० बळी. सलग २१ षटकं निर्धाव. फलंदाजाला हलूच द्यायचं नाही! बळींचा रकाना कोरा, पण माणूस आजही लक्षात आहे.

आकडेमोड

सदाशिवपेठी, उदाहरण झकास, पण एक फरक आहे. बापूंचे निर्धाव चेंडू कुणीतरी मोजले होते, त्याला स्वतंत्र रकाना होता. कॉर्नरला बरीच दशकं तो रकानाच नव्हता. चेंडू पळवलास तर तुझ्या नावावर एक, नाही पळवलास तर काही नाही. रिसीव्हर दिवसभर बांधून ठेवलास तरी काही नाही.

रेव्हिसच्या वेळेपर्यंत व्हिडिओ बघून प्रत्येक फेक कुणाच्या दिशेने गेली याच्या नोंदी ठेवणारे लोक आले होते. अडवलेल्या फेकींचाही आकडा येतो. रेव्हिसच्या २००९ मध्ये त्या ३१ आहेत, आणि एका मोसमाला ३१ हा प्रचंड आकडा आहे. गंमत अशी की त्या वर्षीचा सर्वोत्तम बचावपटू ठरला ग्रीन बेचा चार्ल्स वुडसन, रेव्हिस दुसरा. वुडसनची ९ इंटरसेप्शन आणि त्यातून ३ टचडाउन (चेंडू थेट गोलरेषेपार). मतदारांना दिसणारी गोष्ट आवडते.

दुसरं, रायलीचे ६५ आणि रेव्हिसचे २९ एका तागडीत घालू नका. रायलीच्या काळात क्वार्टरबॅक आजच्यापेक्षा कितीतरी बेधडक फेकायचे आणि चेंडू घालवायचे. आज फेकी जास्त, पण आखूड आणि जपून. शिवाय रायली कॉलेजात, फ्लोरिडा ए अँड एममध्ये, स्वतः क्वार्टरबॅक होता. १९६९ मध्ये सिनसिनाटीने सहाव्या फेरीत घेतलं आणि कोच पॉल ब्राउनने त्याला कॉर्नर केलं. फेकणाऱ्याच्या डोक्यात काय चाललंय हे त्याला आतून माहीत. १५ मोसम एकाच संघात, निवृत्त झाला तेव्हा इंटरसेप्शनच्या यादीत चौथा, आणि प्रो बोलसाठी (लीगमधल्या निवडक खेळाडूंचा मानाचा सामना) निवड एकदाही नाही. एकदाही! शेवटच्या मोसमात ८ काढली तेव्हा कुठे एपी वृत्तसंस्थेच्या ऑल-प्रो संघात (मोसमातल्या सर्वोत्तम खेळाडूंची यादी) नाव आलं. अन्याय झाला असेल तर तो रायलीवर. त्याचं खापर रेव्हिसवर फोडायचं कारण नाही.

निळी_छत्री

जर्सीकर, लेख छान, निष्कर्ष साफ अमान्य.

बेटाचं एवढं कौतुक चाललंय तर त्याच २००९ च्या मोसमाचा शेवट सांगायचा राहिला की राहू दिला? २४ जानेवारी २०१०, एएफसीची (लीगच्या दोन गटांपैकी एक) अंतिम लढत, इंडियानापोलिस. रेव्हिसने रेजी वेनला ३ झेलांवर रोखलं. बरं मग? त्यांचा क्वार्टरबॅक पेटन मॅनिंगने त्या बाजूला फार बघितलंच नाही. पिएर गार्सोन ११ झेल १५१ यार्ड, ऑस्टिन कॉली ७ झेल १२३ यार्ड. जेट्स ३०-१७ हरले. एक दार कडेकोट बंद करून बाकीची सताड उघडी ठेवली तर चोर काय दाराशी डोकं आपटत बसणार आहे?

आणि हा माणूस संघाच्या पगाराच्या मर्यादेतला एवढा मोठा लचका एकटा तोडणार. बार्बर बघा. १६ मोसम फक्त टँपा. सलग २१५ सामन्यांत सुरुवातीपासून मैदानात. ४७ इंटरसेप्शनच्या जोडीला २८ सॅक (क्वार्टरबॅकला चेंडूसकट पाडणं). जानेवारी २००३ मध्ये फिलाडेल्फियाच्या व्हेटरन्स स्टेडियममध्ये त्यांच्या क्वार्टरबॅकचा, मॅकनॅबचा, चेंडू पळवून ९२ यार्ड धावला आणि टँपाला पहिल्यांदा सुपर बोलला नेलं. ती धाव लोक अजून बघतात. रेव्हिसची अशी एक तरी आठवण सांगा.

जर्सीकर

आठवण हवी? ऑक्टोबर २०११, मंडे नाइट, मायामीचा चेंडू पळवून अख्खं मैदान, १०० यार्ड. जानेवारी २०१० मध्ये सॅन डिएगोत व्हिन्सेंट जॅक्सनच्या पायाला लागून उडालेला चेंडू जमिनीला लागण्याआधी धरला होता, त्या सामन्यात आम्ही १७-१४ ने जिंकलो. इंडियानापोलिसची जखम उकरून काढल्याबद्दल आभारी आहे.

पण मॅनिंगचा मुद्दा तुम्ही उलटा लावताय. गार्सोन आणि कॉलीला रोखायची जबाबदारी उरलेल्या दहा जणांची होती. वेनसाठी दोन माणसं गुंतवावी न लागता एकातच काम भागलं, तरी बाकीच्यांना जमलं नाही. तो दोष रेव्हिसचा कसा?

निळी_छत्री

दोष नाही म्हणत मी. एवढंच म्हणते की त्याच्या कामाची किंमत बाकीच्या दहा जणांवर ठरते. मग "स्वतःची किंमत स्वतः ठरवली" हे वाक्य जरा फुगवलेलं नाही का?

ओहायोकाठ

पिट्सबर्गहून लिहितोय. रेव्हिसचं गाव अॅलिक्विपा इथून गाडीने अर्ध्या-पाऊण तासावर, ओहायो नदीच्या काठाने जायचं. त्या गावाशिवाय हा माणूस कळणार नाही, म्हणून जरा लांबण लावतो.

जोन्स अँड लॉफलिन कंपनीने हे गाव आपल्या पोलाद कारखान्यासाठी वसवलं. नदीकाठी मैलोन् मैल कारखाना आणि वर टेकडीवर कामगारांच्या वस्त्या. युनियनमध्ये गेले म्हणून कंपनीने इथल्या दहा कामगारांना काढलं आणि प्रकरण अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात गेलं. १९३७ मध्ये कोर्टाने ५ विरुद्ध ४ मतांनी कामगारांच्या बाजूने कौल दिला. कायद्याच्या विद्यार्थ्यांना हा खटला आजही शिकावा लागतो. म्हणजे मालकापुढे बसून आपला दाम मागायचा हक्क देशात ज्या गावच्या भांडणातून पक्का झाला, त्या गावचा हा पोरगा.

त्याचा जन्म जुलै १९८५ चा. ऐंशीच्या दशकाच्या मध्यातच कारखाना बसला, हजारोंच्या नोकऱ्या गेल्या. आज लोकसंख्या नऊ हजारांच्या आसपास आहे, भरभराटीच्या दिवसांत पंचवीस हजारांच्या वर होती. मुख्य रस्त्यावरून गेलात तर बंद दुकानांच्या रांगा दिसतात. आणि त्या गावातून माइक डिटका, टोनी डॉर्सेट (हा शाळेला शेजारच्या होपवेलमध्ये होता), टाय लॉ आणि रेव्हिस निघाले. चौघेही हॉल ऑफ फेममध्ये. शाळेच्या मैदानाला सगळे "पिट" म्हणतात. शुक्रवारी रात्री क्विप्सचा, म्हणजे शाळेच्या संघाचा, सामना असला की उरलंसुरलं गाव तिथे असतं. २००३ च्या राज्य अंतिम सामन्यात रेव्हिसने एकट्याने पाच टचडाउन केले होते. इथले लोक हॉल ऑफ फेमच्या आधी ते सांगतात. पुढे पिट्सबर्ग विद्यापीठात असताना २००६ मध्ये वेस्ट व्हर्जिनियाविरुद्ध पंट, म्हणजे समोरच्याने लाथेने उडवलेला चेंडू, घेऊन ७३ यार्ड पळाला, तेही इथे अजून निघतं बोलण्यात.

आता पैशाचं. त्याचा मामा शॉन गिल्बर्टही अॅलिक्विपाचाच, एनएफएलमध्ये, म्हणजे याच लीगमध्ये, बचावफळीत होता. १९९७ मध्ये वॉशिंग्टनने त्याच्यावर फ्रँचायझ टॅग लावला. म्हणजे दुसऱ्या संघाशी मोकळेपणी बोलायची सोय बंद, वर्षभर आम्ही देऊ त्या पगारात खेळ. हा म्हणाला नाही खेळत. अख्खा मोसम घरी बसला. पुढच्या वर्षी कॅरोलायनाने दोन पहिल्या फेरीचे पिक (ड्राफ्टमधल्या निवडीच्या पाळ्या) मोजून त्याला नेलं. भाचा तेव्हा बारा वर्षांचा. त्या वयात घरातल्या माणसाला वर्षभर पगारावर पाणी सोडून अडून बसलेलं आणि शेवटी जिंकलेलं ज्याने बघितलं, त्याला ३६ दिवसांचं काय! गिल्बर्ट २०१५ मध्ये खेळाडूंच्या युनियनच्या प्रमुखपदासाठीही उभा होता, निवडून आला नाही ती गोष्ट वेगळी.

टाय लॉचंही सांगतो, कारण तोही २४ नंबरचा कॉर्नर. जानेवारी २००४ मध्ये एएफसीच्या अंतिम सामन्यात न्यू इंग्लंडकडून त्याने मॅनिंगचे तीन चेंडू पळवले. न्यू इंग्लंडचे कॉर्नर रिसीव्हरना धरून धरून ठेवत होते अशी ओरड झाली, आणि पुढच्या मोसमापासून पाच यार्डांपलीकडच्या स्पर्शावर लीगने पंचांना कडक व्हायला सांगितलं. नियम १९७८ चाच, पिट्सबर्गच्या मेल ब्लाउंटच्या धसमुसळ्या खेळामुळे आणलेला. अंमल सैल होता, तो आवळला. म्हणजे एका अॅलिक्विपावाल्यामुळे शिट्ट्या वाढल्या आणि त्या शिट्ट्यांच्या काळात दुसऱ्याने हात आवरून तेच काम करून दाखवलं. माझ्या लेखी रेव्हिसचं मोठेपण यात आहे. ब्लाउंटला दंडेली करायची मुभा होती, याला नव्हती. २००८ मध्ये लॉ थोडे दिवस जेट्समध्ये आला होता, तेव्हा हे दोघं एकाच संघात होते.

पहिला_पाऊस

ओहायोकाठ, प्रतिसाद नाही, लेखच आहे हा! खटल्याचं अजिबात माहीत नव्हतं.

मला एक प्रश्न आहे. करार ६ वर्षांचा आणि ९ कोटी ६० लाखांचा असताना एका वर्षात नारळ कसा देता येतो? नोटीस, नुकसानभरपाई काहीच नाही?

जर्सीकर

काहीच नाही. बेसबॉल आणि बास्केटबॉलमध्ये करार साधारण पूर्ण हमीचे असतात. फुटबॉलमध्ये बहुतेकांचे तसे नसतात. वर्तमानपत्रात छापून येतो तो एकूण आकडा शोभेचा. खरा आकडा हमीचा. बाकीच्या वर्षांचे पैसे संघाला वाटलं तर. खेळाडू मात्र बांधलेला. आणि हा खेळ असा की गुडघा कधीही जाऊ शकतो.

म्हणून निळी_छत्री, मला राग येतो तो याचा. संघाने सहापैकी पाच वर्षांचा करार एका सहीत पुसला तर त्याला व्यवहार म्हणायचं. खेळाडूने त्याच करारावर परत बोला म्हटलं की तो लोभी, गद्दार.

टँपाचा सौदा मात्र त्याने डोळे उघडे ठेवून केला होता. गुडघ्याच्या शस्त्रक्रियेनंतर कोण हमी देणार? त्याने सरळ वर्षाला १ कोटी ६० लाखांचा भाव लावला, हमी सोडून दिली. खेळलो तर घेईन, नाही तर सोडा. गोची झाली ती खेळात. टँपाच्या कोचने त्याला बऱ्याचदा झोनमध्ये खेळवलं, म्हणजे माणूस सोडून जागा राखायची. एवढे पैसे मोजून आणलेल्या माणसाचं नेमकं हुकमी कामच काढून घेतलं. पुढच्या वर्षी कोच बदलला, नव्या लोकांनी हिशेब केला आणि निरोप दिला.

जेट्सला रेव्हिस टँपाला देण्याच्या बदल्यात पहिल्या फेरीचा १३वा पिक मिळाला आणि त्यावर शेल्डन रिचर्डसन आला. तो त्या वर्षीचा सर्वोत्तम नवोदित बचावपटू ठरला. आमच्या संघाने एक गोष्ट धड केली ती हीच, म्हणून नोंदवून ठेवतो.

बॉस्टनची_थंडी

माझी वाट बघत होतात ना सगळे? आलो.

सुपर बोल ४९, १ फेब्रुवारी २०१५, ग्लेनडेल, अॅरिझोना. आम्ही, म्हणजे न्यू इंग्लंड, २८, सिअॅटल २४. एकच मोसम होता तो आमच्याकडे, पण त्या मोसमात ऑल-प्रो होता आणि आमचा कोच बेलिचिकने त्याला हवं ते काम दिलं. जर्सीकर, तुमच्याकडच्या सगळ्या वर्षांत नाही मिळालं ते एका वर्षात मिळालं, एवढंच म्हणतो. (हलके घ्या.)

गंमत म्हणजे त्या सामन्यातली कॉर्नरची आठवण म्हटली की मॅल्कम बटलर. ड्राफ्टमध्ये कुणी न घेतलेला, वेस्ट अलाबामासारख्या छोट्या कॉलेजातून आलेला नवखा. शेवटच्या मिनिटात गोलरेषेवर चेंडू पळवला आणि अजरामर झाला. रेव्हिसच्या नावावर त्या रात्री काय? डग बाल्डविनचा टचडाउन. तोही कसा, तर बाल्डविन आडवा पळत पंचाच्या अंगावरून गेला, मागून रेव्हिस त्या पंचाला अडकला, तोवर बाल्डविन मोकळा. सिअॅटल २४-१४ पुढे. बाकी वेळ त्याच्या बाजूला फार काही घडलं नाही. आकडेमोड म्हणतात तेच. घडलेलं दिसतं, न घडलेलं कुणाला दिसत नाही.

पुढच्या वर्षासाठी त्याला ठेवायचं तर २ कोटींचा पर्याय उचलावा लागणार होता. आमच्या लोकांनी उचलला नाही. तो तुमच्याकडे परतला आणि पुढे काय झालं ते तुम्हीच सांगा.

जर्सीकर

२०१५ बरं गेलं, प्रो बोलही मिळाला. २०१६ बद्दल मी बोलणार नाही.

आकडेमोड

मी बोलतो. २०१६ चा पहिलाच सामना, सिनसिनाटी. ए. जे. ग्रीन: १२ झेल, १८० यार्ड, एक टचडाउन. सगळे रेव्हिसवर नाहीत, पण बरेच. ३१ वर्षांचा होता. कॉर्नरचं वय असंच एका हिवाळ्यात संपतं. क्वार्टरबॅक चाळिशीतही डोक्यावर खेळू शकतो. कॉर्नरला पाव पाऊल उशीर झाला की तो उघडा पडतो, आणि समोरचा क्वार्टरबॅक ते पहिल्या दोन फेकींत ओळखतो. जिकडे दहा वर्षं कुणी फिरकत नव्हतं तिकडे मग सगळी फेक.

म्हणूनच चार्ल्स वुडसन आणि रॉड वुडसनसारखे मोठे कॉर्नर उतारवयात सेफ्टी झाले. तिथे पाय थोडे मंदावले तरी खेळ वाचून भागतं. रेव्हिसबद्दलही तशी चर्चा झाली होती, प्रत्यक्षात आली नाही.

अवांतर: या धाग्यावर डिक "नाइट ट्रेन" लेनचं नाव न येणं बरं नाही. १९५२. सैन्यातून सुटलेला, विमान कारखान्यात नोकरी करणारा हा माणूस आपल्या खेळाच्या कात्रणांची वही घेऊन लॉस एंजेलिस रॅम्सच्या ऑफिसात शिरला आणि म्हणाला मला घेऊन बघा. त्याला रिसीव्हर व्हायचं होतं, त्यांनी बचावात घातलं. पहिल्याच मोसमात १४ इंटरसेप्शन, तेही १२ सामन्यांत. आज मोसम १७ सामन्यांचा आहे आणि तो विक्रम अजून उभा आहे.

निळी_छत्री

लेनची गोष्ट भारीच. आणि बघा, त्याचं नाव निघालं ते १४ या आकड्यामुळे. सत्तर वर्षांनी कुणी "त्याच्याकडे कुणी चेंडू फेकत नसे" असं सांगितलं तर ऐकणारा मान डोलावेल, पण विश्वास ठेवेल का? बार्बरची ती ९२ यार्डांची धाव माझा भाचाही बघतो. रेव्हिसची आंद्रे जॉन्सनविरुद्धची ६० मिनिटं कोण बघेल?

ओहायोकाठ

कोच बघतात ना! कॉलेजचे कॉर्नर अजून तेच व्हिडिओ बघून पाय शिकतात. आणि मतदारांनीही बघितलं, नाहीतर २९ वर पहिल्या फटक्यात आत गेला नसता. चार वेळा पहिल्या संघात ऑल-प्रो, सात प्रो बोल. डोळे मिटून दिलेलं नाही हे.

पण तुमचा आधीचा मुद्दा, किंमत बाकीच्या दहा जणांवर ठरते, तो मला पटतो. रायनसारखा अंगावर जाणारा कोच नसता तर बेट झालं नसतं. टँपात तेच सिद्ध झालं.

खडीसाखर

वाचलं सगळं. मुलगा शाळेत फ्लॅग फुटबॉल (पाडापाडी नसलेला प्रकार) खेळतो आणि त्याला कॉर्नरला उभं करतात म्हणून कुरकुरत असतो, "माझ्याकडे बॉलच येत नाही". त्याला कमरेकडे बघायचं सांगितलं. म्हणतो, "आई, हे तुला कुणी सांगितलं?"

सदाशिवपेठी

खडीसाखर, त्याला म्हणावं आधी करारात हमी किती ते विचार. :)

जर्सीकर, एक शंका. हल्लीच्या कॉर्नरना किती मिळतात? रेव्हिसच्या भांडणाचा पुढच्यांना काही उपयोग झाला की नाही?

जर्सीकर

नेमका दुखऱ्या जागी हात ठेवलात. आमचा सॉस गार्डनर. २०२२ चा ड्राफ्ट, चौथा क्रमांक. पहिल्या वर्षी सर्वोत्तम नवोदित बचावपटू, पहिली दोन्ही वर्षं ऑल-प्रो. जुलै २०२५ मध्ये ४ वर्षांची वाढ, १२ कोटी डॉलरच्या वर. रेव्हिसला त्याच चार वर्षांचे ४ कोटी ६० लाख मिळवायला ३६ दिवस रुसून बसावं लागलं होतं. गार्डनरला एक दिवसही बसावं लागलं नाही. आणि जेट्समध्ये असेपर्यंत त्याची एकूण इंटरसेप्शन किती? तीन. निळी_छत्री, तीन!

निळी_छत्री

"असेपर्यंत" म्हणालात. पुढचं वाक्य पण लिहा की.

जर्सीकर

नोव्हेंबर २०२५ मध्ये इंडियानापोलिसला देऊन टाकला. पहिल्या फेरीचे दोन पिक आणि एक रिसीव्हर घेऊन. करारावरची शाई वाळली नव्हती.

बॉस्टनची_थंडी

त्या दोन पिकांचं जेट्स काय करणार यावर नवा धागा काढा, जर्सीकर. दोनशे प्रतिसाद माझ्याकडून.